बैलाच्या गुडघ्याची वाटी : तिचा दोष, प्रतिबंध व उपचार

संक्रांतीच्या सुमारास सोलापुरांत श्रीसिद्धेश्वराची यात्रा भरते आणि तिच्याबरोबर जनावरांचा बाजारहि भरतो. कार्तिकींत पंढरपुरास व आठवड्याच्या बाजारीं सांगोल्यास असाच देखावा दृष्टीस पडतो. गिऱ्हाईक बैलाचा जबडा उघडून दांत पाहतें, शिंगांची ठेवण न्याहाळतें, वशिंडावर थाप मारतें, अंगावरचे भोंवरे शुभ कीं अशुभ याची चौकशी करतें, आणि मग रुमालाखालीं बोटें धरून सौदा ठरतो. एवढ्या सगळ्या परीक्षेंत एक साधी गोष्ट मात्र क्वचितच कोणी करतो. ती म्हणजे बसलेला बैल उठवून त्याचीं पहिलीं दहा पावलें पाहणें. या दहा पावलांत जो दोष उघडा पडतो, तो पुढें बैल तापला, चालता झाला, म्हणजे पुष्कळदां झांकला जातो. लबाड विकणाऱ्यास हें ठाऊक असतें, म्हणून तो बैल आधींच फिरवून आणून उभा करितो. घरीं आणल्यावर दुसऱ्या दिवशीं सकाळीं गोठ्यांत बैल उठतो, मागला एक पाय लांकडासारखा ताठ मागें राहतो, खुराचें टोंक जमिनीवर खरडत येतें, आणि मग एकाएकीं पाय झटक्यासरशी पुढें फेंकला जातो. मालकाच्या पोटांत तेव्हां धस्स होतें. परंतु पैसे तोंवर मोजून झालेले असतात.

हा दोष म्हणजे गुडघ्याची वाटी वर अडकणें होय. आपल्या बैलांत, गाईंत व म्हशींतहि तो आढळतो. त्यासंबंधीं जितकें अज्ञान आहे तितकाच त्याचा उपाय सोपा आहे. आणि अज्ञानापायीं चांगलीं जनावरें फुकट जातात, म्हणून हा लेख लिहिण्याचें आम्हीं योजिलें आहे.

या प्रश्नाचें महत्त्व

कोणी म्हणेल कीं, ट्रॅक्टर आल्यापासून बैल राहिलेच किती ? राहिले थोडे हें खरें. परंतु ज्याच्या दावणीला ते आहेत त्याचा पेरा अजून त्यांच्यावरच अवलंबून आहे. दोन-चार एकरांच्या धन्यास जोडींतील एक बैल बसला म्हणजे दुसरा आपोआप बसतो. आणि हस्ताची ओल वाट पाहत नाहीं. शिवाय २०२१ च्या डिसेंबरांत सर्वोच्च न्यायालयानें महाराष्ट्रांतील बैलगाडा शर्यतींस सशर्त परवानगी दिली व २०२३ च्या मे महिन्यांत त्यासंबंधींचा कायदा ग्राह्य ठरविला. तेव्हांपासून खिल्लार गोऱ्ह्यांस पुन्हा मागणी आली आहे. दुसऱ्या बाजूनें, राज्याच्या १९७६ च्या प्राणीरक्षण कायद्यांत २०१५ सालीं दुरुस्ती होऊन बैल व वळू यांच्या कत्तलीसहि बंदी झाली. त्यामुळें लंगडा झालेला बैल कोणी घेत नाहीं; तो पोसावा तरी लागतो, नाहीं तर मोकाट सोडण्याचें पाप पदरीं घ्यावें लागतें. अशा स्थितींत जो दोष लहानशा शस्त्रक्रियेनें बरा होण्याजोगा आहे, तो न ओळखल्यामुळें जनावर निकामी ठरावें, याहून मोठी हानि कोणती ?

गुडघा कोठें व वाटी कशी

प्रथम एक गैरसमज दूर केला पाहिजे. बैलाच्या मागल्या पायाचा जो सांधा मागच्या अंगास टोंकदार दिसतो त्यास पुष्कळ लोक गुडघा समजतात. वस्तुतः ती घोट्याची म्हणजे टाचेची जागा होय. खरा गुडघा त्याच्या बराच वर, मांडी जेथें पोटाच्या कडेस मिळते तेथें, कातड्याखालीं झांकलेला असतो. तेथें हात ठेवून चांचपलें असतां पुढच्या बाजूस एक घट्ट, हलणारें हाड हातास लागतें. तीच गुडघ्याची वाटी.

मांडीच्या हाडाच्या खालच्या टोंकास पुढील बाजूनें एक खोबण असते व तिच्या दोन्ही बाजूंस दोन उंचवटे असतात. आंतल्या अंगाचा उंचवटा बाहेरच्यापेक्षां मोठा असतो. मोटेचा नाडा जसा चाकाच्या खोबणींतून वरखालीं होत असे, तशी ही वाटी त्या खोबणींतून वरखालीं सरकते. वरून तिला मांडीचे स्नायु धरून असतात. खालून तीन चिवट पट्टे तिला नडगीच्या हाडाशीं जखडून ठेवतात : एक आंतल्या बाजूचा, एक मधला व एक बाहेरचा. बैल पाय लांबवितो तेव्हां वाटी वर जाते, दुमडतो तेव्हां खालीं येते.

आंतला पट्टा व वाटी यांच्या मध्यें एक फांसा तयार होतो. वाटी फार वर गेली व किंचित् आंत वळली, तर हा फांसा त्या मोठ्या उंचवट्यावर खुंटीस दोर अडकावा तसा अडकतो. मग पाय दुमडतांच येत नाहीं. घोड्यामध्यें ही योजना निसर्गानें मुद्दाम केलेली आहे. तो उभ्यानें विश्रांति घेतो ती याच खुंटीच्या बळावर, आणि चालावयाचें झालें म्हणजे आपल्या इच्छेनें फांसा सोडवितो. रोगी बैलास मात्र तो वेळेवर सोडवितां येत नाहीं. पाय ताठ मागें राहतो, बैल तो ओढतो, आणि फांसा सुटला कीं पाय झटक्यानें पुढें येतो. सर्व लक्षणांचा उलगडा एवढ्यांत होतो.

लक्षणें

आरंभीं हा दोष अधूनमधून दिसतो. बैल बराच वेळ बसून उठला, अथवा रात्रभर बांधून सकाळीं सोडला, म्हणजे पहिलीं कांहीं पावलें तो पाय ओढतो; अंग मोकळें झालें कीं नीट चालूं लागतो. पुढें पुढें पावलागणिक झटका बसूं लागतो. आणि कांहीं जनावरांत वाटी एकदां अडकली ती सुटतच नाहीं, पाय कायमचा मागें ताणलेला राहतो. एका पायास हा दोष असतो तसाच दोन्ही पायांसहि असूं शकतो.

खुराकडे पाहिलें असतांहि पुरावा मिळतो. टोंक खरडून झिजलेलें असतें. पत्री मारलेल्या बैलाची पत्री पुढच्या टोंकास आधीं घासून जाते. मऊ मातींतून बैल चालविला तर मागल्या पावलांच्या जागीं खुरानें ओढलेली रेघ उमटते. गुडघ्यावर सूज अथवा ऊन बहुधा नसतें, आणि दाबलें असतां जनावर विशेष दुखवल्याचें दाखवीत नाहीं. सूज, ऊन व ठणका असेल तर तो दुसरा विकार समजावा. खुरांत खडा अथवा कांटा रुतणें, खूर सडणें, खुब्याचा सांधा निखळणें, गुडघ्यांत पाणी होणें, या सर्वांत बैल लंगडतो. परंतु ताठ पाय, मग झटका, ही जोडी त्यांत नसते. निदान नीट झाल्यावांचून उपचारास हात घालूं नये, हें आम्ही पुढेंहि सांगणार आहों.

कारणें

एकच कारण दाखवितां येत नाहीं. बहुधा दोन-तीन गोष्टी एकत्र येतात. पहिली, पायाची ठेवण. ज्या जनावराचा मागला पाय फार सरळ असतो, त्याची वाटी वर अडकण्याच्या जागेच्या जवळच असते. ही ठेवण बापापासून वांसरांत उतरूं शकते. दुसरी गोष्ट, अशक्तपणा. मांडीचे स्नायु वाळले व सांध्याभोंवतालची चरबी गेली, म्हणजे वाटीस वेळेवर ओढून घेणारें बळ राहत नाहीं. आपल्या जिल्ह्यांत अवर्षणाच्या वर्षीं बैल कशावर जगतात तें सांगावयास नकोच. मालदांडीचा कडबा हा उत्तम कडबा खरा. परंतु नुसत्या कडब्यांत प्रथिनें व स्फुरद हीं कमी पडतात, आणि उन्हाळाभर त्यावरच उभा राहिलेला बैल पहिल्या पावसाला एकदम नांगरास जुंपला जातो. तिसरी गोष्ट, कामाचा ताण : काळ्या चिकण रानांत खोल नांगरट, चढाची वाट, भरलेली गाडी एकाएकीं ओढावयास लावणें, निसरड्या जमिनीवर पाय घसरणें. चौथी गोष्ट याच्या उलट, म्हणजे फार दिवस एकाच जागीं बांधून ठेवणें. त्यानेंहि स्नायु ढिले पडतात.

तात्कालिक उपाय

वाटी अडकून बैल रस्त्यांतच उभा राहिला तर चाबूक उगारूं नये, शेपटी पिळूं नये. भिऊन मारलेल्या उडीनें सांध्यास इजा होते. जूं उतरून बैल शांतपणें दोन-चार पावलें मागें सारावा. पुष्कळदां एवढ्यानेंच फांसा सुटतो. न सुटल्यास, बैल गरीब असेल तर, खुराच्या वरच्या बाजूस मऊ दोर बांधून एकानें पाय हळूहळू पुढें ओढावा व दुसऱ्या माहितगारानें वाटीस हातानें खालीं व बाहेर रेटावें. लाथेच्या टप्प्यांत उभें राहूं नये. हा उपाय वेळ मारून नेण्यापुरता आहे. त्यानें दोष जात नाहीं, हें विसरूं नये.

डागण्याविषयीं दोन शब्द

आपल्याकडे या दोषावर सर्रास केला जाणारा इलाज म्हणजे गुडघ्यावर तापलेल्या लोखंडाचा डाग देणें. आमचें यासंबंधीं स्पष्ट मत आहे आणि तें आम्ही स्वतःच्या चुकीवरून बनविलें आहे.

माणनदीच्या कांठच्या आमच्या रानांत काम करणारा एक सहादाती खिल्लार बैल ऐन रब्बीच्या तोंडावर डावा पाय ओढूं लागला. आम्ही समजलों, लचकला असेल. पंधरा दिवस तेल चोळलें. मग चार जाणत्यांच्या आग्रहावरून डाग देवविला. डाग चिघळला, त्यांत अळ्या पडल्या. पाय होता तसाच राहिला. बैलाचा जोडीदार दावणीस उभा राहून खात होता, आणि पेरणी आम्हीं भाड्याच्या ट्रॅक्टरनें उरकली, तीहि वाफसा निघून गेल्यावर. शेवटीं दोन महिन्यांनीं जनावरांच्या दवाखान्यांतील डॉक्टरांस दाखविलें. त्यांनीं बैल बसविला, उठविला, दहा पावलें चालविला आणि म्हणाले, ‘हें तुम्हांला पहिल्याच दिवशीं कळावयास हवें होतें.’ दुसऱ्या दिवशीं सकाळीं शस्त्रक्रिया झाली. पाव तासाहून अधिक वेळ लागला नाहीं. बैल उठला व चालला, तेव्हां खुराची रेघ मातींत उमटली नाहीं. पुढें तो आमच्याकडे कितीएक वर्षें नांगरास चालला. डागाचा वण मात्र राहिला, आणि तो पाहून एका गिऱ्हाइकानें किंमत पाडून मागितली. दोष गेला, पण त्यावरील चुकीच्या इलाजाची खूण गेली नाहीं.

डाग कातड्यास भाजतो. खुंटीवर अडकलेला फांसा त्यानें सुटत नाहीं. जो बैल डागल्यावर बरा झाला असें सांगतात, तो बहुधा सक्तीच्या विश्रांतीनें व त्या काळांत मिळालेल्या खुराकानें सुधारलेला असतो. तीच विश्रांति व तोच खुराक डागाशिवाय देतां येतो.

शस्त्रक्रिया

जनावर कोंवळें असेल, दोष नुकताच दिसूं लागला असेल आणि अंगीं अशक्तपणा असेल, तर प्रथम कामांतून सोडवून चांगला खुराक व रोज बेताची चाल देऊन पाहावें. मांडी भरली म्हणजे कांहीं जनावरें आपोआप सुधारतात. तसें न झाल्यास, अथवा दोष जुना असल्यास, शस्त्रक्रिया हाच खरा उपाय.

तिचें तत्त्व अगदीं सोपें आहे. फांसा होतो तो आंतल्या पट्ट्यामुळें. तो एक पट्टा तोडला कीं फांसाच उरत नाहीं. बाकीचे दोन पट्टे वाटीस सांभाळण्यास पुरे पडतात. पशुवैद्य सांगतील त्याप्रमाणें आदल्या रात्रीपासून चारा बंद ठेवावा, म्हणजे पाडलेल्या जनावराचें पोट फुगत नाहीं. मऊ जागेवर बैल अशा रीतीनें पाडतात कीं दोषी पाय खालीं येईल. पट्टा आंतल्या अंगास असल्यामुळें असें केल्यानें तो समोर येतो. कांहीं डॉक्टर उभ्या जनावरावरहि हें काम करितात. त्या जागेचे केस काढून, ती निर्जंतुक करून, तेवढाच भाग बधिर करण्याची सुई देतात. नडगीच्या हाडाजवळ लहानसा छेद घेऊन, वांकडी बारीक सुरी पट्ट्याखालीं सरकवून, तो कापतात. गुण बहुधा बैल उठतांच दिसतो. दोन्ही पायांस दोष असल्यास दोहोंवर हीच क्रिया करावी लागते.

छेद लहान असला तरी तो सांध्याच्या अगदीं जवळ असतो, हें ध्यानांत ठेवावें. म्हणून हें काम शिकलेल्या पशुवैद्याचेंच आहे. गांवांतील कोणा हुशार माणसानें सुरी हातीं घेऊं नये. भलताच पट्टा तुटला अथवा सांध्यांत घाण शिरली, तर जनावर जन्माचें जातें. नंतर जखम कोरडी व माशांपासून सुरक्षित ठेवावी, सांगितलेलीं औषधें व धनुर्वातावरील सुई टाळूं नये, गोठा स्वच्छ असावा. पहिले कांहीं दिवस पूर्ण विश्रांति, मग सपाट जमिनीवर थोडी चाल, आणि जूं मानेवर ठेवावयाचें तें साधारणपणें दोन-तीन आठवड्यांनीं, डॉक्टरांची संमति घेऊन.

गांवच्या दवाखान्यांत सोय नसेल तर तालुक्याच्या अथवा जिल्ह्याच्या पशुवैद्यकीय चिकित्सालयांत जनावर न्यावें. फिरत्या पशुचिकित्सा पथकासाठीं १९६२ हा दूरध्वनि क्रमांक आहे. अवघड जनावरासाठीं सातारा जिल्ह्यांत शिरवळ येथें क्रांतिसिंह नाना पाटील पशुवैद्यकीय महाविद्यालय आहे. मुंबईस परळ येथें १८८६ सालीं पशुवैद्यकीय महाविद्यालय निघालें तेव्हां आपल्या आजोबा-पणजोबांस तें केवळ ऐकूनच ठाऊक होतें. आज ही विद्या गाडीच्या वाटेवर आली आहे. तिचा उपयोग न करणें हा आपलाच दोष.

प्रतिबंध

उपचारापेक्षां प्रतिबंध स्वस्त, हें सर्व रोगांप्रमाणें येथेंहि खरें आहे. कडब्याबरोबर थोडी तरी हिरवी वैरण, आणि कामाच्या दिवसांत सरकीची अथवा शेंगदाण्याची पेंड द्यावी. मोठ्या जनावरास रोज सुमारें ५० ग्रॅम खनिज मिश्रण व थोडें मीठ द्यावें. उन्हाळ्यांतील रिकामपणानंतर बैल एकदम नांगरास न जुंपतां आठ-दहा दिवस हलक्या कामानें अंगास सवय लावावी. रिकाम्या दिवसांतहि रोज फिरवावें. गोठ्यांत गुळगुळीत फरशी अथवा सिमेंट असेल तर त्यावर खांचा पाडाव्या किंवा माती, भुसकट पसरावें. मुताचा निचरा नीट असावा. खुरें वेळच्या वेळीं तासून घ्यावीं. वाटीचा दोष असलेल्या बैलास शर्यतींत उतरवूं नये. धांवण्याच्या भरांत पाय अडकला तर बैल, जोडीदार व माणूस तिघांच्याहि जिवावर बेततें.

सर्वांत महत्त्वाची गोष्ट निपजीची. अटपाडी-म्हसवडाकडील खिल्लारचें नांव पायांच्या बळावर झालें आहे. ज्या वळूस हा दोष आहे, अथवा ज्याच्या वांसरांत तो वारंवार दिसतो, तो कितीहि देखणा असला तरी गाईस लावूं नये. शस्त्रक्रियेनें पाय सुधारतो, रक्त सुधारत नाहीं. शस्त्रक्रिया झालेला बैल कामास उत्तम. वळू म्हणून मात्र नको.

घरांतील लहान कुत्रीं

हल्लीं शहरांत राहणारीं मुलें सुटींत वाड्यावर येतांना पॉमेरेनियन, पग अशीं लहान कुत्रीं बरोबर आणतात, म्हणून त्यांच्याविषयींहि चार ओळी लिहितों. याच वाटीचा विकार त्यांनाहि होतो. परंतु बैलाची वाटी वर अडकते, तर लहान कुत्र्याची खोबणींतून कडेस, बहुधा आंतल्या बाजूस, घसरते. धांवतां धांवतां कुत्रें एकाएकीं मागला पाय उचलून तीन पायांवर उड्या मारतें आणि जरा वेळानें कांहीं न झाल्यासारखें चालूं लागतें, हें त्याचें लक्षण. डॉक्टर त्याच्या चार पायऱ्या मानतात : हातानें सरकविली तरच सरकणारी, आपोआप सरकून परतणारी, बहुतेक वेळ बाहेरच असणारी, परंतु हातानें बसविण्याजोगी, आणि कायमची बाहेर राहिलेली. पहिल्या पायरींत वजन बेताचें ठेवणें, रोज चालविणें व खाट-पायऱ्यांवरून उड्या मारूं न देणें एवढें बहुधा पुरतें. दोष वाढून कुत्रें लंगडूं लागलें तर खोबण खोल करण्याची किंवा पट्ट्याची जागा सरळ करण्याची शस्त्रक्रिया, पूर्ण भूल देऊन, करावी लागते. येथें बैलाप्रमाणें पट्टा तोडून चालत नाहीं. रोगाचें नांव सारखें असलें तरी इलाज वेगळा. माणसाच्या दुखण्यावरील गोळ्या कुत्र्यास आपल्या मनानें देऊं नयेत, त्या विषासमान ठरतात. हा दोष लहान जातींच्या रक्तांतच असतो, म्हणून अशा कुत्र्यांची पिलें घेऊं नयेत. वळूचा नियम येथेंहि लागू आहे.

समारोप

शेतकरी बंधूंस आमची विनंति एवढीच : बाजारांत जाल तेव्हां दांत पाहा, शिंगें पाहा, परंतु बैल बसवून उठवा आणि दहा पावलें चालवा, विकणारा तयार नसेल तर दावें सोडूं नका. आणि आपल्याच गोठ्यांत मातीवर ती रेघ दिसली, तर लोखंड तापविण्यापूर्वीं डॉक्टरांकडे माणूस पाठवा. वर्षभर आपल्यासाठीं राबणाऱ्या जनावराची आपण बेंदरास शिंगें रंगवितों, पुरणपोळी खाऊं घालतों. त्याच्या पायाकडे वेळेवर पाहणें हीहि त्याचीच पूजा आहे.